पुढच्या डाव्या चाकापाशी

अण्णा,

परवा तुमचा दहावा झाला. गावाखालच्या नदीला टिपूस नव्हतं, म्हणून सरपंचांनी विधीसाठी टँकर आणून उभा केला होता. लिंबाखाली ताडपत्री अंथरली होती, पण माणसं एवढी आली की निम्मी उन्हातच बसली. महाराजांचं प्रवचन संपलं आणि आपल्याकडे होतं तसं माइक एकाच्या हातून दुसऱ्याच्या हातात फिरायला लागला. कारखान्याकडे निघालेले ट्रॅक्टर तुम्ही रस्त्यात बसून कसे दुरुस्त करून दिलेत, ऊसतोडीला जाणाऱ्या जीपा तुमच्या हाताखालून गेल्याशिवाय गाव सोडत नसत, हे सगळं निघालं. सगळं खरं होतं. मग तुमच्याच भावकीतले एक गृहस्थ म्हणाले की शेवटी शेवटी अण्णांच्या हातून एक चूक झाली, एका माणसाचा पाय गेला, पण माणूस म्हटला की चुकायचाच. ते चांगल्या मनाने बोलले. लोकांनी माना हलवल्या. तुमची मुलगी कल्पना बायकांत बसली होती. तिने मान खाली घातली ती वर केलीच नाही.

मी उठलो. मला कुणी बोलावलं नव्हतं. माइक हातात घेतला आणि पहिलं वाक्य तोंडातून निघेना, कारण ते वाक्य मी तीन वर्षं टाळत आलो होतो.

आज बाजाराचा दिवस असूनही गॅरेज उघडलं नाही. बाहेर म्हशी भरलेल्या पिकअप येताहेत-जाताहेत, शटर बंद बघून दोघातिघांनी हाका मारल्या, मी ओ दिली नाही. लिहिलेलं वाचायचा तुम्हाला कंटाळा. काहीही आलं, बँकेचा कागद असो की कल्पनाच्या शाळेतलं आमंत्रण, तुम्ही माझ्यापुढे सरकवून म्हणायचात, वाचून दाखव. तेव्हा हेही मी वाचून दाखवतोय असं धरा.

पुण्याच्या कंपनीच्या वर्कशॉपमधली नोकरी सोडून घोडेगावला तुमच्याबरोबर भागीत यायचं मी ठरवलं, तेव्हा माझे वडील आठ दिवस माझ्याशी बोलले नव्हते. रेल्वेत आयुष्य काढलेला माणूस. मुलगा डिप्लोमा झाला, कंपनीत चिकटला, आणि आता हायवेच्या कडेला पत्र्याच्या शेडमध्ये लोकांच्या गाड्यांखाली झोपणार, हे त्यांना पटेना. तुम्ही मला न सांगता पुणतांब्याला आमच्या घरी गेलात. दारातून वडिलांना जयभीम घातलात, ओट्यावर बसलात आणि आईने वाढलेलं वांग्याचं कालवण दोनदा मागून घेतलंत. संध्याकाळी वडिलांचा फोन आला. तुमच्या कामाबद्दल, गॅरेजबद्दल एक अक्षर नाही. एवढंच म्हणाले, "तो माणूस आपल्या घरी पोटभर जेवून गेला. जा तू." घरी आलेला माणूस ताटावर कसा बसतो, यावरून आमच्याकडे बरंच काही ओळखलं जातं, अण्णा. तुम्हाला ते माहीत होतं. म्हणूनच तुम्ही गेला होतात.

गाड्यांतलं इलेक्ट्रॉनिक्स मला कळायचं, बाकीचं सगळं तुम्हाला. लोकांना वाटायचं की माझा स्कॅनर आला म्हणून म्हातारा खट्टू होईल. तुम्ही तर रोज सकाळी त्याची काच तुमच्या स्वच्छ रुमालाने पुसायचात, मग तोच रुमाल डोक्याला बांधायचात. गाडीच्या कॉम्प्युटरने काय सांगितलं ते मी मराठीत सांगायचं आणि तुम्ही ऐकून घेऊन गाडीखाली जायचं, असा आपला कारभार होता. कधीकधी तुम्ही खालून म्हणायचात, "त्याला इचार, त्यो खाली येऊन बघनार हाय का." तेवढीच काय ती तुमची थट्टा.

आता त्या गाडीचं. माइकवर मला ते नीट सांगता आलं नाही.

नगरच्या एका डोळ्यांच्या संस्थेला कुणीतरी दान दिलेली ती मोठी परदेशी गाडी. चारही चाकांना जोर जाणारी, आणि स्प्रिंगांच्या जागी हवेचे रबरी फुगे. डॉक्टरबाई तिच्यात तपासणीची यंत्रं मांडून पाथर्डीच्या डोंगराकडच्या वस्त्यांवर जायच्या. ऊसतोडीत डोळ्यांत पाचट जाऊन वर्षानुवर्षं तसंच दुखणं काढणारी म्हातारी माणसं तिथे त्यांची वाट बघत बसलेली असायची. फुग्यांमुळे आतल्या यंत्रांना हादरा बसत नसे. रस्ता खराब लागला की त्यांचा ड्रायव्हर भाऊसाहेब एक बटण दाबायचा आणि गाडीची बॉडी चार बोटं वर उठायची. वस्तीवरची पोरं ते बघायला गोळा व्हायची, असं तो कौतुकाने सांगायचा.

ती गाडी मागच्या डाव्या कोपऱ्यात बसायला लागली म्हणून आपल्याकडे आली. असल्या गाडीला प्रत्येक चाकाजवळ एक लहानसा सेन्सर असतो आणि त्याला एक दांडी. चाक वरखाली झालं की दांडी हलते, आणि त्या कोपऱ्यात बॉडी किती उंचीवर आहे ते कॉम्प्युटरला कळतं. त्यावरून तो कुठल्या फुग्यात हवा भरायची आणि कुठल्यातली सोडायची ते ठरवतो. मी स्कॅनर लावला. त्याने मागच्या डाव्या सेन्सरची तक्रार दाखवली. तुम्ही तरीही टेप घेतलीत, चाकाच्या मध्यापासून वरच्या कमानीपर्यंत चारही ठिकाणी मोजलंत आणि मला म्हणालात, काचेवरचे आकडे वाच. तीन जुळले, मागचा डावा जुळला नाही. फुग्यावर साबणाचं पाणी मारून पाहिलं, गळती नव्हती. सेन्सर मागवला, बसवला, गाडी सपाट फरशीवर उभी करून तिला तिची उंची पुन्हा शिकवली. गाडी सरळ उभी राहिली, दिवा विझला. माझं काम झालं होतं.

तुमचं झालं नव्हतं. चौघं एकाच वयाचे, एक गेला म्हणजे उरलेल्या तिघांना बघून घ्यायला पाहिजे, असं म्हणत तुम्ही तुमचा जुना काट्याचा मीटर काढलात. एकेका सेन्सरची दांडी सुटी करून ती खालपासून वरपर्यंत अगदी हळू फिरवायची आणि काट्यावर नजर ठेवायची. मागचा उजवा झाला, पुढचा उजवा झाला. पुढच्या डाव्या चाकापाशी तुम्ही थांबलात आणि मला हाक मारलीत. दांडी एका जागेवरून जाताना काटा एकदम पडायचा आणि लगेच उठायचा. तुम्ही म्हणालात, "हितं बघ. हितं मेलाय ह्यो."

मी स्कॅनरवर पाहिलं. रेघ सरळ होती. मी म्हणालो की मीटर जुना झालाय, त्याची वायर ढिली असेल. तुम्ही वायर बदललीत आणि पुन्हा दांडी फिरवलीत. काटा पुन्हा तिथेच पडला. "बघ," तुम्ही म्हणालात.

स्कॅनर सलग वाचत नाही, थांबून थांबून वाचतो. एवढ्याशा जागेवरून दांडी सरकली तर त्याच्या दोन वाचनांमधून ती निसटून जाते. काट्याला ती दिसते. हे मला कंपनीच्या ट्रेनिंगमध्ये शिकवलेलं होतं. त्या दिवशी मला ते आठवलं नाही, असं मी स्वतःला सांगत आलो. आठवलं होतं, अण्णा. पण बाजाराचा दिवस होता, म्हशींचे बाहेरगावचे चार व्यापारी त्यांची गाडी होईपर्यंत आपल्याभोवती उभे होते, आणि त्यांच्यासमोर तुम्ही मला दुसऱ्यांदा "बघ" म्हणालात. ते मला लागलं. त्यातला एकजण हसला होता. कशाला हसला कुणास ठाऊक. कदाचित त्याच्याच काहीतरी बोलण्याला.

तुम्ही म्हणालात की दोन दिवस गाडी ठेवू, हाही सेन्सर मागवू. मी म्हणालो, दुसऱ्या दिवशी सकाळी डॉक्टरबाईंचं शिबिर आहे, गाडी फिट आहे. तुम्ही माझ्याकडे पाहिलंत आणि मीटरची वायर गुंडाळून ठेवलीत. तेव्हा तुम्ही माझ्याशी भांडायला हवं होतं. हातातला पाना आपटायला हवा होता. तुम्ही हात धुवायला गेलात. भाऊसाहेब समोरच्या हॉटेलातून भजी खाऊन आला आणि मी त्याच्या हातात किल्ली दिली.

दुसऱ्या दिवशी वस्तीच्या अलीकडे, ओढ्याच्या काठाने जाणाऱ्या वाटेवर त्याने बॉडी उचलायचं बटण दाबलं. गाडी वर उठली आणि खाचखळग्यांतून जाताना पुढच्या डाव्या सेन्सरची दांडी नेमकी त्या मेलेल्या जागेवर आली. कॉम्प्युटरला वाटलं, हा कोपरा फारच वर गेला. त्याने त्या फुग्यातली हवा सोडली. पुढचा डावा कोपरा खाली बसला, चाकावर बॉडी घासली, गाडी तोल जाऊन डावीकडे घसरली आणि ओढ्यात आडवी झाली. डॉक्टरबाईंना खरचटण्यावर निभावलं. भाऊसाहेबाची मांडी दारात सापडून मोडली, पाय कायमचा अधू झाला.

आपण दोघं दवाखान्यात गेलो. व्हरांड्यात संस्थेचे व्यवस्थापक उभे होते आणि त्यांचं ठरून गेलं होतं की भाऊसाहेब फोनवर बोलत असणार, त्याशिवाय एवढ्या हळू चाललेली गाडी ओढ्यात जायची नाही. तो बरा झाला की त्याला काढायचा, असं ते कुणाला तरी सांगत होते. आत त्याची बायको उशाशी बसली होती, तिला हे ऐकू जात होतं. तुम्ही पुढे झालात.

"त्येची चूक न्हाई, सायेब. गाडी आमी तपासून दिल्ती. पुढचा डावा सेन्सर मी बघितला, मला तो चांगला वाटला. चूक माझी हाय."

मी तोंड उघडलं होतं. तुम्ही त्यांच्याकडेच बघत माझं मनगट धरलंत आणि मी तोंड मिटलं. तुम्ही धरलं म्हणून मी गप्प बसलो, असं मी पुष्कळ दिवस मनाशी म्हणत होतो. मनगट धरल्याने कुणाची जीभ बंद होत नाही.

परतताना एसटीत तुम्ही खिडकीशी बसला होतात. इमामपूरचा घाट उतरल्यावर म्हणालात, "तुझी चूक लोक लई दिस ध्यानात ठेवतील, मिलिंद. माझी इसरतील." का ते तुम्ही सांगितलं नाहीत आणि मीही विचारलं नाही. पुणतांब्याच्या आमच्या ओट्यावर जेवायला बसताना तुम्हाला जे ठाऊक होतं, तेच ते होतं. तुमचं म्हणणं खोटं नव्हतं. आणि खोटं नव्हतं म्हणूनच मला त्याच्या आडोशाला लपून बसता आलं.

यावर आपलं भांडण व्हायचं राहून गेलं. आता एकट्यानेच भांडतो. तुम्ही मला विचारलं नव्हतंत. माझी चूक माझी होती, ती उचलायला मला जड झाली असती, लोकांनी माझी जात काढली असती, कदाचित गॅरेजवर गिऱ्हाईक आलं नसतं. पण तो पाय माझ्यामुळे गेला होता आणि त्याचं उत्तर द्यायचा हक्कही माझाच होता. माझे वडील आयुष्यभर एकच सांगत आले की आपण कुणाच्या उपकाराखाली वाकून चालायचं नाही. तुम्ही एका वाक्यात मला वाकवलंत. याचा मला राग आहे. तुम्ही गेल्यावरही आहे. आणि त्याच वाक्याने भाऊसाहेबाची नोकरी राहिली, त्याची बायको त्या दिवशी व्हरांड्यात येऊन तुमच्याकडे बघत उभी राहिली, हेही मी विसरू शकत नाही. तिच्या नजरेत तुमचे आभारही होते आणि तुमच्यावरचा संतापही होता. दोन्ही तुम्ही घेतलेत. दोन्ही माझे होते.

आणि लोक विसरले नाहीत, अण्णा. तिथे तुमचा अंदाज चुकला. अण्णाची नजर गेली, असं बाजारभर झालं. जी माणसं गाडी थांबवून आधी "अण्णा हायेत का" विचारायची, ती किल्ली माझ्या हातात द्यायला लागली. एकदा नेवाशाकडच्या एका पिकअपवाल्याने तुम्ही दोन हातांवर बसलेले असताना मला सांगितलं की गाडीला अण्णांना हात लावू देऊ नका. तुम्ही उठलात आणि चहा सांगायला गेलात. मी त्याला काय म्हणालो माहीत आहे? मी म्हणालो, बरं. आणि कामाला लागलो.

तीन वर्षं तुम्ही ग्रीसिंग केलंत, पंक्चर काढलेत, स्प्रिंगांचे पाटे बदललेत. तुमचा जुना मीटर मात्र तुम्ही कधी पेटीत टाकला नाहीत. मी कुठल्याही गाडीला स्कॅनर लावला की तुम्ही तो आणून मडगार्डवर ठेवायचात आणि निघून जायचात. मी तो वापरायचो. प्रत्येक वेळी वापरायचो, तुम्हाला दिसेल असा. मला वाटायचं, याने भरपाई होतेय. चारपाच वेळा मी विषय काढायचा प्रयत्नही केला. "अण्णा, त्या गाडीचं..." म्हणालो की तुम्ही म्हणायचात, "चहा घे आधी." मला सुटल्यासारखं व्हायचं. मी समजत होतो की तुम्हाला तो विषय नकोय, तुम्ही मला माफ करून मोकळे झालाय.

तुमच्या छातीत पाणी झालं आणि नगरला ॲडमिट केलं, तेव्हा मी एक दिवसाआड येत होतो. शेवटच्या खेपेला दुपारची वेळ होती. वहिनी खाली औषधं आणायला गेल्या होत्या, शेजारची खाट रिकामी होती. आपण दोघंच. तुम्ही नाकातली नळी नीट केलीत आणि मला विचारलंत, "काय सांगायचंय का?"

मी तुम्हाला एका गाडीच्या कॉम्प्रेसरचं सांगितलं. तो मधेच बंद पडतो, थंड झाला की चालू होतो, असं काहीतरी. तुम्ही डोळे मिटून सगळं ऐकून घेतलंत. मग विचारलंत, "रिले बघितला का?" मी म्हणालो, बघितला. "मग बरं," तुम्ही म्हणालात. हे आपलं शेवटचं बोलणं. "काय सांगायचंय का" असा प्रश्न तुम्ही मला कधीच विचारत नव्हतात, तो का विचारलात, हे मला खाली उतरताना जिन्यातच कळलं होतं. परत वर चढायला बारा-पंधरा पायऱ्या होत्या. मी रिक्षात बसलो.

तर परवा माइकवर मी बोललो ते एवढंच. म्हणालो, पुढचा डावा सेन्सर खराब आहे असं अण्णांनी मला सांगितलं होतं, दोनदा दाखवलं होतं. मी ऐकलं नाही. गाडी मी दिली. चूक माझी होती, अण्णांनी ती स्वतःच्या नावावर घेतली आणि मी घेऊ दिली. शेवटचं वाक्य लोकांना ऐकू गेलं की नाही कोण जाणे. महाराजांनी माझ्या हातातून माइक घेतला आणि हरिपाठाला सुरुवात केली.

भाऊसाहेब उन्हात बसलेल्यांमध्ये होता. आता तो गाडी चालवत नाही, संस्थेत नोंदणीच्या टेबलावर असतो. सगळे पांगायला लागले तेव्हा पाय ओढत माझ्याकडे आला. मला वाटलं, मारेल. मारलं असतं तर मी उभा राहिलो असतो. तो म्हणाला, "अण्णा महिन्याला मला बघाया यायचे. पहिलं वरीस मी त्यांला घरात घेतलं न्हाई. दारातनं परत पाठवलं. त्ये पुन्यांदा यायचे." मग म्हणाला, "तुमी एकदाबी आले न्हाई, मिलिंदभाऊ. तवा मला वाटायचं, ह्यो तर बिनचुकीचा मानूस, ह्याला कशाला यायला पायजे." एवढं बोलून तो गेला. माझ्याशी तो पुन्हा बोलेल असं मला वाटत नाही आणि त्याने बोलावं असं म्हणायचं तोंड मला नाही. तुम्ही दर महिन्याला तिकडे जात होतात, हे तुम्ही मला कधी सांगितलं नाहीत. तुम्ही पाथर्डीकडे गावी घरी जाताय असंच मी समजत होतो.

वहिनी गुडघ्यांमुळे नदीवर उतरल्या नव्हत्या. मी तुमच्या घरी गेलो. त्या ओसरीत भिंतीला टेकून बसल्या होत्या. मी त्यांच्यासमोर खाली बसलो आणि जे माइकवर बोललो ते पुन्हा सांगितलं. त्यांनी मधे कुठे आश्चर्य दाखवलं नाही.

"मला ठावं हाय," वहिनी म्हणाल्या. "त्याच दिशी सांगितलं त्यांनी. म्हनले, कुनाला बोलू नगं, मिलिंद त्याच्या तोंडानं भाऊसायबाला सांगंल. दिवाळी आली, म्हनले सांगंल. पाडवा आला, म्हनले आता सांगंल. मग मी इचारनं सोडलं."

म्हणजे तुम्ही वाट बघत होतात. तुम्ही "चहा घे आधी" म्हणायचात ते माफ केल्यामुळे नव्हे. काय झालं ते तुम्हाला माझ्याकडून ऐकायचंच नव्हतं, तुम्हाला ते माहीतच होतं. मी ते जिथे जाऊन सांगायला हवं होतं, तिथे तुम्ही दर महिन्याला जाऊन बघून येत होतात की मी आलो का.

कल्पना नदीवरून परतली होती आणि दारात उभी होती. हे सगळं तिने ऐकलं. आधी ती आईकडेच बघत राहिली. मग म्हणाली, "तुला माहीत होतं, आणि तू मला बोलू दिलंस."

वहिनींनी मान हलवली आणि हळूहळू उठून आत गेल्या. कल्पना माझ्यापासून लांब, उंबऱ्यावर बसली. तिनेच मला सांगितलं. अपघातानंतरच्या उन्हाळ्यात ती माहेरी आली होती, तेव्हा तिने तुम्हाला म्हटलं होतं की बाबा, आता घरी बसा, आणखी कुणाचा पाय जायच्या आत. आई तिथेच भाकरी थापत होती. तुम्ही जेवत होतात. तुम्ही म्हणालात की बघू, आणि पाणी मागितलंत. तिने पाणी दिलं. त्यानंतर तीन वर्षं ती फोनवर तुमच्याशी तब्येतीचं बोलायची, पोरांचं बोलायची, पण कामाचं कधी विचारलं नाही. लहानपणी तुम्ही घरी आलात की तिचा पहिला प्रश्न असायचा, आज कुठली गाडी, काय झालं होतं तिला.

तिने माझ्यावर आवाज चढवला नाही. मी उठायला लागलो, तेव्हा म्हणाली, "बसा, मिलिंददादा. त्या दिवशी काय झालं ते मला पहिल्यापासून सांगा. गाडी आली तिथपासून."

मी सांगितलं. टेप घेऊन तुम्ही चारही कोपरे कसे मोजलेत, मागचा डावा बदलल्यावर उरलेले तिन्ही बघायचे म्हणून कसे बसलात, दांडी किती हळू फिरवत होतात. ती मधेमधे थांबवून विचारत होती. दांडी म्हणजे केवढी? काटा पडायचा म्हणजे किती? मी तिला माझ्या बोटाने जमिनीवर आकृती काढून दाखवली. वायर बदलून तुम्ही दुसऱ्यांदा करून दाखवलंत आणि काटा त्याच जागी पडला, इथपर्यंत आलो तेव्हा तिने त्या आकृतीतल्या दांडीवर बोट ठेवलं.

"म्हणजे बाबांना सापडलं होतं," ती म्हणाली.

मी हो म्हणालो. कंपनीच्या मशीनला सापडलं नव्हतं, मला सापडलं नव्हतं. त्यांना सापडलं होतं.

तिने ओढणीने तोंड पुसलं. आत चुलीपाशी भांड्याचा आवाज येत होता. तिकडे मान वळवून तिने हाक मारली, "आई, बाबांना सापडलं होतं."

आतला आवाज थांबला.

"व्हय गं," वहिनी म्हणाल्या. "सापडलं हुतं त्यांला."